न उघडलेले पेव

पेव उघडण्याचे नियम मी सासूबाईंकडून शिकले. तोंडावरची माती काढावी, फरशी सरकवावी आणि त्या दिवशी आत कोणी पाऊल घालू नये. कोंडलेली हवा निघून जाऊ द्यावी. दुसऱ्या दिवशी दोरीला कंदील बांधून तो आत सोडावा. जळत राहिला तर माणसाने उतरावे, विझला तर उतरू नये. आणि एकदा उघडलेले पेव अर्धे ठेवता येत नाही. आतली सगळी हळद बाहेर काढावी लागते, कारण वारा लागलेला माल पुन्हा झाकला तरी पूर्वीसारखा टिकत नाही.

आमच्या हरिपुरात आता वापरातले पेव उरलेले नाही. महापुराचे पाणी जमिनीतून पाझरत आत शिरले, तेव्हापासून हळद शीतगृहात गेली. ज्यांनी पेव पाहिले नाही त्यांनी जमिनीत पुरलेला एक प्रचंड रांजण डोळ्यांपुढे आणावा. तोंड माणसाच्या खांद्यांपुरते, पोट खोलीएवढे. आत उसाच्या पाल्याचे आणि चटयांचे अस्तर, मधोमध हळद. वरून फरशी आणि माती. असा माल वर्षानुवर्षे जसाच्या तसा राहत असे.

मी पद्मावती आवटी. गाव मला आक्का म्हणते. पंच्याहत्तरी ओलांडली तरी या घरात माझा शब्द चालतो. चालत असे, म्हणणे अधिक खरे होईल. कारण यंदाच्या फाल्गुनात माझी धाकटी जाऊ विजयमाला हिने मला न विचारता टोपीवाल्यांना घरी बोलावले.

मी बस्तीतून, म्हणजे आमच्या जिनमंदिरातून, दर्शन घेऊन परतले तेव्हा पुढच्या सोप्यात काळ्या पेट्या मांडलेल्या होत्या. विजू माझ्या खुर्चीवर बसली होती आणि एक मुलगी तिच्या पांढऱ्या केसांवर जाळीची टोपी बसवत होती.

"विजू, हे लोक कोण?"

"पुण्याचे आहेत, आक्का. 'डोळ्यांदेखत'वाले."

"आणि माझ्या सोप्यात कशासाठी आलेत?"

"माझं ऐकायला," विजू म्हणाली. तिने मान वळवली नाही. टोपी हलू नये म्हणून वळवली नसेल, असे मी स्वतःला समजावले.

'डोळ्यांदेखत' हा कार्यक्रम ठाऊक नाही असे घर आता महाराष्ट्रात सापडणार नाही. जुन्या, न उलगडलेल्या गुन्ह्यांतली साधी माणसे त्यात येतात. कोणाची बहीण, कोणाचा शेजारी, कोणाची विधवा. पूर्वी अशी माणसे कॅमेऱ्यासमोर बसून बोलत आणि रडत. आता ती आठवतात, आणि त्यांना आठवलेले आपल्याला पडद्यावर दिसते.

आमच्या घरातला न उलगडलेला प्रसंग म्हणजे माझा दीर, विजूचा नवरा शीतल, याचा मृत्यू. चाळीस वर्षांपूर्वीची, महापुराच्या आदल्या वर्षीच्या वैशाखातली गोष्ट. सकाळी घरामागच्या परड्यातले एक पेव उघडून हवा जाण्यासाठी तसेच ठेवले होते. संध्याकाळी शीतल जेवायला आला नाही. सांगलीला पेठेत थांबला असेल, असे आम्ही धरून चाललो. दुसऱ्या दिवशी सकाळी गडी कंदील घेऊन गेले, तर पेवाच्या तोंडावर फरशी ओढलेली होती. ती सरकवली तेव्हा शीतल आत सापडला. त्याचा कंदील बाहेरच होता, वातही न पेटवलेली.

पोलिसांनी अपघात लिहिला. वळवाचे ढग आले होते, कोणीतरी पावसाच्या भीतीने फरशी ओढली असेल, असे त्यांचे म्हणणे. पण झाकण्यापूर्वी आत हाक मारायची, हा आमच्याकडचा रिवाज लहान पोरालाही ठाऊक होता. आणि पेवाच्या काठावर वाढलेला शीतल कंदिलाशिवाय उतरेल, हे गावाने कधीच मानले नाही. फरशी ओढल्याचे कोणीही कबूल केले नाही.

तेरावे उरकल्यावर मी घरातल्या सर्वांना समोर बसवून सांगितले होते, की त्या संध्याकाळविषयी या घरात पुन्हा कोणी बोलायचे नाही. विजू तेव्हा अन्न सोडून बसली होती. तिला जगवायचे होते. माझा शब्द पाळला गेला, आणि सर्वांत कसोशीने तो मी स्वतः पाळला. बोलणे तर सोडाच, ती संध्याकाळ मी मनातही आणली नाही.

"आक्का, तुम्हीही बसा ना," कार्यक्रमाची कर्ती मैथिली कारखानीस मला म्हणाली. हुशार मुलगी. आवाज मधासारखा.

"मी उभी बरी आहे."

यंत्र कसे चालते ते तिने मला नीट समजावून सांगितले, हे मान्य केले पाहिजे. माणूस एखादी पाहिलेली गोष्ट आठवतो तेव्हा मेंदूचा पाहण्याचा भाग पुन्हा जागा होतो, जणू ती गोष्ट तो अंधूकपणे परत पाहत असतो. टोपीतले संवेदक ती हालचाल टिपतात. पण ते चित्र दुधी काचेपलीकडच्यासारखे असते; आकार कळतो, वस्तू कळत नाही. म्हणून ते दुसऱ्या एका संगणकाला देतात. त्याने लक्षावधी घरे, चेहरे आणि रस्ते पाहून ठेवलेले असतात. तो अंधूक जागा भरून काढतो. या भरून काढण्याला त्या लोकांचा शब्द आहे 'भरणी'. भरलेले चित्र साक्षीदाराला तिथल्या तिथे दाखवतात आणि विचारतात, असेच होते का? साक्षीदार हो म्हणेल ते राहते, नाही म्हणेल ते पुसले जाते.

त्या दिवशी विजू डोळे मिटून बोलू लागली, आणि आमच्या भिंतीवर आमचे जुने जेवणघर धुक्यातून वर आले. त्याचे मागचे दार परड्यात उघडते. दारापलीकडे पेवाजवळ कोणीतरी पाठमोरे वाकलेले होते. चेहरा नव्हता, डाग होता.

"मी भात वाढत होते," विजू म्हणाली. "मान वर केली तर कुणीतरी फरशी ओढत होतं. मला वाटलं, गडी असेल."

चाळीस वर्षांत तिने हे मला सांगितले नव्हते. मीच सांगू दिले नव्हते.

"छान," मैथिली हळूच म्हणाली. "घाई नाही. त्याची उंची बघा. चालणं बघा. ओळखीचं वाटतंय का?"

टोपीवाले पुढेही येत राहिले. घरातले जुने फोटो त्यांनी मागून नेले, भरणी अचूक व्हावी म्हणून. विजू त्यांची वाट पाहू लागली. त्यांच्यासाठी लाडू वळू लागली. ती मुले तिला 'विजूआत्या' म्हणत आणि तिचे प्रत्येक वाक्य संपेपर्यंत गप्प राहत. या घरात तिला इतका वेळ कोणी कधी दिला नव्हता, हे मला दिसत होते. म्हणून मी त्यांना हाकलले नाही.

वैशाखात तो भाग प्रसारित झाला. मी आणि माझा मुलगा सन्मती दुपारी भिंतीवरच्या पडद्यासमोर बसलो. सन्मती आता साठीला टेकला आहे. शीतगृह तोच पाहतो. त्याची पत्नी गेल्यापासून फारसा बोलत नाही, पण संध्याकाळी विजूकाकूच्या गुडघ्यांना तेल चोळायला विसरत नाही. तिला मूल नाही. तो तिच्या मांडीवर वाढला.

पडद्यावर जेवणघर उजळले. धुके कुठेच नव्हते. तीन ताटे, भाताची वाफ, वर लोंबणारा हिरव्या पत्र्याच्या टोपीचा दिवा आणि ताटांवर पडलेला त्याचा पिवळा उजेड. एका पाटावर मी. दुसरा पाट विजूचा. तिसरा पाट रिकामा. मागच्या दारातून परडे दिसते, परड्यात फरशी ओढणारा माणूस. तो हात झटकून वळतो.

तो अठरा वर्षांचा सन्मती होता.

निवेदकाने पुढे सांगितले, की त्याच सकाळी काका-पुतण्यांत वाद झाला होता. हे खरे होते. सन्मतीला शिकायला पुण्याला जायचे होते आणि शीतलला तो पेढीवर हवा होता. अशी भांडणे कोणत्या घरात होत नाहीत?

सन्मतीने पडदा बंद केला. "काकूनं असं कसं सांगितलं, आई?"

"तू त्या वेळी जेवत होतास," मी म्हणाले. "माझ्या समोर."

"हो ना. जेवतच असणार."

तो शीतगृहाकडे निघून गेला. मी पडदा पुन्हा लावला. प्रतिपक्षाची चाल मोडायची तर ती नीट पाहावी लागते, अशी माझी आयुष्यभराची समजूत. मी तो प्रसंग पुन्हा पाहिला, मग थांबवून पाहिला, मग कडेकडेने पाहिला. आणि मला हवे होते ते सापडले.

आम्ही जैन आहोत. आमच्या घरात सूर्यास्तानंतर जेवत नाहीत. सासूबाई तर याबाबत इतक्या कडक, की त्यांनी घर बांधताना जेवणघरात दिवाच बसवू दिला नव्हता. 'दिवा असला की उशीर होतो,' असे त्या म्हणत. त्या गेल्यावरही, घर पाडून नवे बांधेपर्यंत, त्या खोलीत ना तार होती ना बटण. पडद्यावरचा हिरव्या टोपीचा दिवा आमच्या घरात कधी नव्हताच.

मैथिलीला मी बोलावून घेतले. ती आली, चहा घेतला आणि माझे सगळे ऐकले.

"आक्का, दिवा ही भरणी असणार. यंत्रानं दुसऱ्या घरांवरून घातला असेल. अशा बारीक गोष्टी होतात. सुरुवातीला तशी पाटीही दाखवतो आम्ही."

"विजूला दाखवला होता तो दिवा?"

"दाखवला असेल."

"आणि ती हो म्हणाली?"

"नाही म्हणाल्या नाहीत."

"म्हणजे जो दिवा नव्हता तो तिने पाहिला. मग माझ्या मुलाचा चेहरा तिने पाहिला आणि दिवा यंत्राने घातला, हे तुम्ही कशावरून ठरवलेत? त्याच्या केसांचा भांग बघा. वळवाचे वारे सुटलेले असताना माझ्या मुलाचे केस त्याच्या कॉलेजच्या फोटोतल्यासारखे बसलेले आहेत."

मैथिलीने कप खाली ठेवला. ती खजील झाली असे मी म्हणणार नाही. तिचे डोळे चमकले.

"मग तुम्ही बसा, आक्का. सन्मतीदादा तुमच्यासमोर जेवत होते ना? मग एकदा टोपी घाला. ज्या साक्षीदारानं चाळीस वर्षं ती आठवण काढलेलीच नाही, असा आम्हाला आजवर मिळालेला नाही. तुमच्यासारखी कोरी आठवण कुणाकडेच नसेल. एका बैठकीत तुम्ही तुमच्या मुलाला सोडवाल."

मी तिला दारापर्यंत पोचवले. त्याच आठवड्यात पोलीस ठाण्यातून निरोप आला, की प्रकरण पुन्हा उघडण्यात आले आहे आणि सन्मतीने गाव सोडून जाऊ नये. टोपीतली चित्रे न्यायालय पुरावा म्हणून स्वीकारत नाही. पण त्या चित्रांनी चौकशी सुरू होऊ शकते, आणि चौकशीत साक्षीदाराचा तोंडी जबाब ग्राह्य असतो. विजू तोच प्रसंग तोंडाने सांगणार, शपथेवर सांगणार. शीतगृहातल्या मुकादमाने सन्मतीच्या नजरेला नजर देणे बंद केले. बस्तीत माझ्या शेजारची जागा रिकामी राहू लागली.

मी माझ्या नातीला फोन लावला. सन्मतीची मुलगी ऋजुता बेंगळुरूला मेंदूचेच शास्त्र शिकवते.

"टोपी घालू नकोस, आज्जी," ती पहिल्याच वाक्यात म्हणाली.

"कारण सांग. मी कारणाशिवाय ऐकत नाही."

"माहितीय. आठवण म्हणजे कपाटात ठेवलेला शालू नाही, काढला, बघितला, परत घडी घालून ठेवला. ती बाहेर काढली की ओली होते. अगदी शब्दशः, पेशींमधले जोड काही तास सैल होतात आणि मग नव्यानं घट्ट होतात. तू सारवायचीस ना अंगण? ओल्या सारवणावरून मांजर गेलं तर?"

"पाऊल उमटते."

"वाळल्यावर?"

"ते जमिनीचेच होते."

"तेच. एरवीही हे होतं, म्हणून जास्त वेळा सांगितलेली गोष्ट जास्त बदललेली असते. पण टोपीवाले आठवण ओली असतानाच डोळ्यांसमोर चित्र धरतात. काकूआज्जीनं पहिल्या दिवशी डाग पाहिला. त्यांनी फोटोंतून चेहरा भरला, तिला दाखवला. पुढच्या वेळी तिला डागाऐवजी तो चेहरा आठवला. यंत्रानं तो आणखी ठळक केला. ती खोटं बोलत नाहीये, आज्जी. तिला आता खरंच बाबा दिसतात."

"मग माझी आठवण?"

"तुझी बंद आहे. म्हणून तर सगळ्यांत चांगली आहे. पोलिसांना तोंडी सांग, एकदाच सांग, आणि त्याआधी घोकू नकोस." मग तिने विचारले, "तो भाग तू एकदाच बघितलास ना?"

"चुका शोधायला पाहिला," मी म्हणाले.

"किती वेळा?"

मी तिला प्रकृतीला जपायला सांगून फोन ठेवला.

इतके दिवस मी विजूशी बोलले नव्हते. एका घरात राहून, एका चुलीवरचे जेवून आम्ही बोललो नव्हतो. मग एके दिवशी दुपारी ती वाल सोलत बसली होती, तिथे मी पाट ओढून बसले. तिने टोपली मध्ये सरकवली. काही वेळ आम्ही दोघी सोलत राहिलो.

"आक्का, मी खोटं बोलते का?"

"नाही."

"मग मला दिसतं ते काय आहे?"

"त्यांनी दाखवलेले आहे."

"तुम्हाला सोपं आहे म्हणणं." तिचा हात थांबला नाही. "मला तो रोज दिसतो. हात झटकतो, वळतो. मी त्याच्याकडून गुडघ्यांना तेल लावून घेत होते, आणि डोळे मिटले की तोच. आता त्याला हात लावू देत नाही मी. तो विचारतो, काकू, काय झालं? काय सांगू?"

"विजू, त्या खोलीत दिवा होता का?"

ती विचारात पडली. तिचा चेहरा मला वाचता येत होता. चाळीस वर्षे मी तो वाचत आले आहे.

"नव्हता," ती म्हणाली. "सासूबाईंनी लावू दिला नव्हता." आणि थोड्या वेळाने, "पण दिसतो."

"मग?"

"मग काय, आक्का? दिवा खोटा म्हणून सगळं खोटं? मी काहीच पाहिलं नाही? इतकी वर्षं तुम्ही म्हणालात बोलू नकोस, मी बोलले नाही. आता बोलले, तर म्हणता हे तुझं नव्हेच. माझं म्हणून काही ठेवणार आहात का तुम्ही?"

मी टोपलीतला पुढचा वाल उचलला.

"तुम्ही सांगा ना तुमचं," ती टोपली उचलून उठताना म्हणाली. "तो समोर जेवत होता म्हणता. शपथेवर सांगा. तुम्ही सांगितलंत तर मी मानीन. आजवर तुमचंच मानलंय."

निरीक्षक शबाना मुजावर दुसऱ्या दिवशी सकाळी जबाब घ्यायला आल्या. माझ्या वयाकडे पाहून त्यांनी ठाण्यात बोलावले नाही, आणि तो मान मी ओळखला. त्या सोप्यात बसल्या, आवाज टिपणारे यंत्र त्यांनी मेजावर ठेवले. विजू मधल्या दारात उभी राहिली. सन्मतीला त्यांनी बाहेर थांबायला सांगितले होते. तो कट्ट्यावर पाठ करून बसला होता. खिडकीतून त्याच्या डोक्याचा विरळ झालेला मागचा भाग मला दिसत होता.

"आज्जी, घाई करू नका," मुजावर म्हणाल्या. "त्या संध्याकाळी जेवायला कोण कोण होतं, एवढंच आधी सांगा."

मी डोळे मिटले. इतक्या वर्षांत प्रथमच मी ती फरशी सरकवली.

वासापासून सुरुवात झाली. नव्या तांदळाचा भात, आमसुलाचे सार. मागच्या दारातून येणारी, पावसाआधीची मातकट, दमट हवा. पाटाची थंडी. माझा उजवा हात, त्यात तेव्हाच्या हिरव्या बांगड्या. हे सगळे माझे होते, कोणत्याही पडद्यावर नव्हते. आणि मग मी मान वर केली. समोर सन्मती होता. पाटावर मांडी घालून, खाली मान घालून भात कालवत होता. अठरा वर्षांचा. जिवंत, भुकेला, सकाळच्या भांडणाने अजून फुगलेला. शब्द माझ्या ओठांवर आले.

त्याच्या केसांवर पिवळा उजेड होता.

मी वर पाहिले. हिरव्या पत्र्याच्या टोपीचा दिवा तारेला लोंबत होता.

पेवात सोडलेला कंदील विझला की माणसाने माघारी फिरायचे असते. जिथे दिवा नव्हता तिथे तो जळताना दिसला तर काय करायचे, हे सासूबाईंनी मला शिकवले नव्हते. मी डोळे उघडले. मुजावर माझ्याकडे पाहत होत्या. विजू माझ्याकडे पाहत होती. खिडकीतले डोके जराही हलत नव्हते.

मला एवढेच म्हणायचे होते, की माझा मुलगा माझ्यासमोर जेवत होता. मी ते म्हटले असते तर विजूने मानले असते. तिने आदल्या दिवशी तसा शब्दच दिला होता. दिव्याचे मला कोणी विचारलेले नव्हते. पण ज्या दिव्यावरून मी तिची साक्ष मोडीत काढली, तोच माझ्या साक्षीत लपवायचा, हे आवटींच्या घरात मी कोणाला करू दिले नसते.

"लिहून घ्या," मी म्हणाले. "माझा मुलगा सन्मती माझ्यासमोर जेवत होता, असे मला दिसते. आणि त्याच्या डोक्यावर हिरव्या टोपीचा दिवा जळताना दिसतो. तो दिवा आमच्या घरात कधी नव्हता. तो मी या कार्यक्रमात पाहिला, अनेकदा पाहिला. तेव्हा मला जे दिसते त्यातले माझे किती आणि त्यांचे किती, हे मी शपथेवर सांगू शकत नाही."

मुजावर यांनी पेन थांबवले. "आज्जी, यानं तुमच्या मुलाची बाजू कमजोर होईल. कळतंय ना?"

"मला कळते."

तेव्हा मधल्या दारातून विजू पुढे आली. तिने माझ्या खुर्चीची पाठ धरली.

"आक्का, तुम्हालाही दिसतो? तोच? हिरव्या टोपीचा?"

"तोच."

"टोपीला एका बाजूला पोचा आहे?"

"तारेच्या डाव्या हाताला."

विजू खाली बसली, जमिनीवरच. "तुम्ही तर टोपी घातलीच नाही," ती म्हणाली. "मग तुमच्यात तो कसा आला?" तिने माझ्याकडे पाहिले, मग खिडकीतल्या त्या डोक्याकडे, आणि पदर तोंडाशी धरला. "बाई, माझ्याही जबाबात लिहा. मला कुणीतरी दिसलं होतं. पहिल्यांदा चेहरा नव्हता. आता दिसतो तो चेहरा माझा आहे का त्यांचा, मला माहीत नाही."

मुजावर यांनी ते लिहून घेतले. जाताना त्या म्हणाल्या, की कार्यक्रमवाल्यांकडून पहिल्या बैठकीचे मूळ चित्रण त्या मागवतील, आणि पुढचे वरिष्ठ ठरवतील. प्रकरण बंद झाले असे त्या म्हणाल्या नाहीत. अजूनही कोणी म्हटलेले नाही.

त्या गेल्यावर सन्मती आत आला. विजूने त्याला जवळ बोलावले आणि आपले पाय लांब केले. तो तेलाची वाटी घेऊन आला. बराच वेळ त्याचे हात तिच्या गुडघ्यांवरून फिरत राहिले. मग मान वर न करता त्याने मला विचारले.

"आई, मी होतो ना गं जेवायला?"

"म्हणजे?"

"मला नक्की आठवत नाही आता. शीतगृहात बसलो असताना एकदम हाताला दगड लागल्यासारखं होतं. खरबरीत. फरशीची कडा असते तशी." त्याने तेलाने माखलेले तळवे उलटे करून पाहिले. "ढग आले म्हणून मीच ओढली असेन का गं? हाक न मारता?"

विजूने डोळे मिटून घेतले होते. तिला काय दिसत होते, मी विचारले नाही.

मला त्याला उत्तर द्यायचे होते, आणि ते आत जाऊन आणता येत नव्हते. आत गेले असते तर तो दिवा आणखी ठळक झाला असता. कदाचित एखाद्या दिवशी त्या उजेडात समोरचा पाट रिकामाही दिसला असता. एकदा उघडलेले पेव पुन्हा झाकून ठेवता येत नाही, हे मी जाणते. तरी मी ते झाकले.

"होतास," मी म्हणाले. "भात दोनदा घेतलास."

त्याचा श्वास सुटला. तो पुन्हा तेल चोळू लागला.

हे मी डोळे उघडे ठेवून म्हणाले.